आक्कांचं जेवण कुणाच्या घरी?

सुगी संपली की आमच्या भागात संमेलनं पिकतात. भात घरात येतं, पिंजराच्या, म्हणजे भाताच्या काडाच्या, गंज्या रचून होतात, भातामागच्या ओलीवर टाकलेला वाटाणा शेंगांना येतो आणि गावांच्या वेशीवर बांबूच्या कमानी उभ्या राहतात. बेळगावच्या पश्चिमेला जानेवारीतल्या कुठल्याही रविवारी कुठल्याही रस्त्यानं जा, एखाद्या तरी गावात मांडव असतोच. सकाळी ग्रंथदिंडी, मग उद्घाटन, परिसंवाद, पंगत, कथाकथन आणि शेवटी कवी. आमच्याकडं कवी उदंड. समोर ऐकायला चार माणसं उरावीत म्हणून एखाद्या वर्षी कविता न म्हणणाऱ्याचा सत्कार करावा, असं मला पुष्कळदा वाटतं. पण हे हसण्यावारी नेऊ नका. बसवरची पाटी कन्नड, जमिनीचा उतारा कन्नड, दुकानावरचा फलक कन्नड. वर्षातून एक दिवस गावानं आपल्या भाषेला पाट मांडून जेवायला वाढावं, तसं हे संमेलन असतं. त्यासाठी घराघरातून तांदूळ गोळा होतो आणि कुणी नाही म्हणत नाही.

परवा कॉलेज सुटल्यावर मी स्कूटर माहेरच्या रस्त्याला घातली. हिंडलग्याच्या जेलची भिंत मागं पडली. पुढं दोन्ही बाजूंना रताळी काढायचं काम चाललं होतं. उकरलेल्या तांबड्या मातीचा वास आणि तुटलेल्या वेलाच्या चिकाचा वास मिसळून एक तिसराच वास होतो. तो नाकात गेला, आणि त्याच वेळी लांबून कुणीतरी माईकवर म्हणालं, 'हॅलो, हॅलो, आवाज येतोय काय?'

येतोय की बाबा. पंचवीसेक वर्षांपूर्वीचाही येतोय.

मी वनस्पतिशास्त्र शिकवते. ते शिकवण्याइतकी मी शिकले याचं कारण कुणी विचारलं, तर मी सांगते की एकदा आक्का आमच्या घरी जेवल्या. लोकांना वाटतं मी थट्टा करतेय.

आक्का म्हणजे निपाणीकडच्या लेखिका. सगळा सीमाभाग त्यांना आक्काच म्हणतो, तेव्हा इथंही तेवढंच नाव पुरे. जैन घराणं, सासरी तंबाखूची वखार, स्वयंपाकघरात मराठी आणि वखारीत कन्नड. मॅट्रिक झाल्या झाल्या लग्न झालेलं. पुढचं शिक्षण त्यांनी संसारात राहून केलं, आणि ते कसं केलं हे त्यांच्याच तोंडून ऐकावं: 'बी.ए. सासऱ्यांना विचारून केलं, एम.ए. नवऱ्याला विचारून केलं, पीएच.डी.ला मात्र कुणालाच विचारलं न्हाय. तोवर माझे केस पांढरे झालते, विचारायचं कुणाला?' दुपारी वखारीतली माणसं जेवायला गेली की त्या तंबाखूच्या वासात बसून कथा लिहीत. त्यांच्या कथांतल्या बायका फार बोलत नाहीत, पण शेवटी उठून कुठंतरी जातात. टीकाकार म्हणायचे, शेवट अर्धवट वाटतो. आक्का म्हणायच्या, 'गेली न्हवं ती? मग पुरा झाला.'

लेखिका म्हणून त्या मोठ्या होत्याच. पण मी त्यांना मानते ते त्यांच्या एका अटीसाठी.

त्या वर्षी आमच्या गावच्या संमेलनाला पाहुण्या म्हणून आक्कांना बोलवायचं ठरलं. मी तेव्हा बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला होते. वाचनालयात कमिटी बसली. अध्यक्ष होते शाळेतून निवृत्त झालेले गुरुजी. ते एस.टी.डी. बूथवरून फोन करून आले ते डोकं खाजवतच. म्हणाले, 'बाई येतो म्हणाल्यात. मानधन नको, शाल नको, गाडी नको, लाल बसनं येतो म्हणाल्यात. खरं जेवणाची एक अट हाय.' आमच्या बोलीत 'खरं' म्हणजे 'पण', आणि बायकाही 'येतो'च म्हणतात. मग त्यांनी अट सांगितली. गावातल्या ज्या घरी पोरगी शिकत होती आणि आता तिला पुढं शिकवायचं नाही असं ठरलंय, त्या घरी आक्का जेवणार. दुसऱ्या कुठल्या घरी पाणीसुद्धा घेणार नाहीत.

एरवी संमेलनाचा पाहुणा कुणाच्या घरी जेवणार यावरून आमच्या गावात दोन-दोन दिवस रुसवेफुगवे चालायचे. त्या रात्री मात्र सगळे छताकडं बघत बसले. कुणी म्हणालं, 'असं घर आपल्या गावात न्हाय.' कुणी म्हणालं, 'हाय तर लई, खरं सांगायचं कुणी?' पाहुण्यांचा मान हवा, पण त्या मानाबरोबर कपाळावर शिक्का बसणार होता. तेव्हा माझे वडील, म्हणजे आप्पा, उठून उभे राहिले.

'माझ्या घरी ठेवा जेवण,' ते म्हणाले. 'माझी रेखा बी.एस्सी.ला हाय. सगळ्या गावात एकली पोरगी. माझ्याकडं बोट दाखवायला जागा न्हाय. आक्का येऊ देत, बघू देत शिकवणारं घर कसं असतंय ते.'

आप्पांची काही लबाडी नव्हती. त्यांना खरोखरच तसं वाटत होतं. चौथीतून काढून बैलामागं धाडलेला माणूस तो. त्यानं पोरीला बेळगावच्या कॉलेजात घातलं, तीन वर्षं सायंकाळच्या बसला थांब्यावर येऊन उभा राहिला. त्याच्या हिशेबी शिक्षण म्हणजे बी.एस्सी., आणि ते तर होतच आलं होतं. पिरनवाडीचं स्थळ आलं होतं, मुलगा मिलिटरीत होता, माणसं चांगली होती, संक्रांत झाली की सुपारी फोडून लग्न पक्कं करायचं ठरलं होतं. या सगळ्याचा आक्कांच्या अटीशी काही संबंध आहे, हे आप्पांच्या ध्यानातच आलं नाही. गुरुजींच्याही नाही. माझ्या आलं होतं, पण मला कुणी विचारलं नव्हतं.

मला तेव्हा धारवाडला जायचं होतं. एम.एस्सी. करायची होती. हे मी फक्त आमच्या म्हशीला सांगितलं होतं.

संमेलनाच्या दिवशी सकाळी मी नऊवारी नेसून डोक्यावर कलश घेऊन ग्रंथदिंडीत चालत होते. पालखीत पुस्तकं, पुढं लेझीम, मागं आम्ही मुली. शिकलेली मुलगी म्हणून मला सगळ्यांत पुढं ठेवलं होतं. आक्का बसमधून उतरल्या तेव्हा मी त्यांना पहिल्यांदा बघितलं. ठेंगण्या, सुती पातळ, खांद्याला कापडी पिशवी, पायात साध्या चपला. त्यांनी पालखीतल्या पुस्तकांना हात लावून नमस्कार केला आणि मग आम्हा मुलींकडं असं काही निरखून पाहिलं, की डोक्यावरचा कलश एकदम जड वाटायला लागला.

आता आई. आईनं दोन दिवस आधीपासून कंबर कसली होती. एवढी मोठी लेखिका घरी जेवायला येणार म्हटल्यावर बाजारातलं काही नको, सगळं आपल्या शेतातलं, असं तिनं ठरवलं. रताळ्याची खीर. तुपात तळलेले रताळ्याचे काप. बटाट्याची भाजी, गाजराची कोशिंबीर, किसलेलं बीट. आणि आमटी कांदा-लसणाच्या वाटणाची, जिचा वास वेशीपर्यंत जावा. जे उत्तम ते सगळं. पंचक्रोशीत आमच्या रताळ्यांचं नाव होतं, आणि आईचा हात धरणारं कुणी नव्हतं.

निपाणीकडच्या जैन बायका कंदमुळं खात नाहीत, कांदा-लसूण खात नाहीत आणि सूर्य मावळल्यावर जेवत नाहीत, हे आमच्या गावात कुणाला ठाऊक नव्हतं असं नाही. सगळ्यांना ठाऊक होतं. निपाणी-चिकोडीचे व्यापारी आमच्याकडं येत-जात असतच. पण ठाऊक असणं आणि ऐनवेळी आठवणं यात फरक असतो. आईला आक्का लेखिका म्हणून आठवत होत्या, जैन म्हणून आठवल्याच नाहीत.

दुपारचा परिसंवाद लांबला. वक्ते एकमेकांचे मुद्दे खोडत बसले होते. ऊन कलायला लागलं तशा आक्का व्यासपीठावरच्या खुर्चीतून सरळ उठल्या आणि बोलणाऱ्याला म्हणाल्या, 'तुमचं चालू दे. सूर्य काही परिसंवादासाठी थांबत न्हाय. माझं ताट कुठाय?' त्यांचं भाषण जेवणानंतर होतं. आप्पा छातीवर कमिटीचा बिल्ला लावून पुढं आणि आक्का मागं, अशी वरात आमच्या घरी आली.

ताट वाढलेलं होतं. आक्कांनी ताटाकडं पाहिलं, मग आईकडं पाहिलं. पण त्यांचा हात ताटाकडं गेला नाही, आणि तेवढ्यानं आईला सगळं एकदम आठवलं. तिनं कपाळावर हात मारून घेतला. 'देवा! सगळं भुईतलंच की गं हे!'

खरंच. जमिनीच्या वर आलेलं असं त्या ताटात भाकरी आणि दही सोडलं तर काही नव्हतं.

'असू दे वो,' आक्का म्हणाल्या. 'दही-भाकरी खातो. लई झालं.'

'दही-भाकरीवर कसं पाठवू तुम्हास्नी?' आई रडकुंडीला आली. तिनं शेंगाची चटणी पुढं केली आणि मागं घेतली, कारण तीही लसणीची. 'नुसता शेंगदाण्याचा कूट करतो. खरं शेंगा तरी चालतात काय? त्या पण भुईतल्याच.'

'शेंगा चालतात. का चालतात ते मात्र विचारू नका. आमच्या सासूबाईंना मी विचारलं, तर म्हणाल्या, चालतात म्हणून चालतात.'

मी दाराआड उभी होते. नऊवारीच अजून अंगावर. मला राहवलं नाही. 'शेंग म्हंजे मूळ न्हवं, आक्का. फळ हाय ते. फूल वरच येतंय. मग तेचा देठ वाकून भुईत शिरतोय आणि आत शेंग धरत्या.'

'आऱ्या म्हणतात तेला,' उंबऱ्यावरून आप्पा म्हणाले. शेतीचा विषय निघाला की त्यांना गप्प बसवत नसे. 'आऱ्या सुटल्या की मातीची भर द्यायची.'

आक्का माझ्याकडं वळून बसल्या. 'आणि रताळं?'

'ते मूळच.'

'बटाटा?'

'बटाटा खोड हाय. तेला डोळे असतात न्हवं, ते खोडालाच असतात.'

'मग बटाटा खाल्ला तर चालंल म्हण की!'

'न्हाय आक्का, तुम्ही खाऊ नका. खोड असलं तरी भुईत हाय ते हायच.'

आक्का हसायला लागल्या ते डोळ्यांत पाणी येईपर्यंत. आईही हसली. मग डोळे पुसत आक्का म्हणाल्या, 'सगळा जन्म शेंगा खाल्ल्या आणि का खाल्ल्या ते आज कळलं. कुठं शिकलीस गं हे?'

'कॉलेजात.'

'आणि पुढं काय?'

मी आईकडं बघितलं. आईला आडपडदा ठाऊक नव्हता. 'पुढं सुपारी,' तिनं सरळ सांगून टाकलं.

आक्कांनी सावकाश आप्पांकडं मान वळवली. 'मग मी बरोबर घरी आलो म्हणायचं,' त्या म्हणाल्या.

त्या क्षणीचा आप्पांचा चेहरा मी विसरणार नाही. त्यांनी बिल्ल्याकडं हात नेला, तो सरळ केला, मग चपला घातल्या आणि बाहेर पडले. मला वाटलं रागानं गेले. आईलाही तेच वाटलं. थोड्या वेळानं परत आले तेव्हा पांढऱ्या धोतराला चिखल लागला होता आणि खांद्यावरच्या टॉवेलात वाटाण्याच्या शेंगा बांधून आणल्या होत्या. परड्यामागच्या तुकड्यातल्या. त्या त्यांनी सोप्यात ओतल्या. 'ह्या वरच्या हायत,' ते म्हणाले. 'सोला बिगीबिगी. ऊन हाय तवर उसळ हुतीया.'

आईनं चूल पेटती केली, मी टोमॅटो चिरायला घेतला. आक्का शेंगांपुढं मांडी घालून बसल्या आणि सोलायला लागल्या. पाहुणी सोलतेय म्हटल्यावर आप्पांनाही उभं राहवेना. तेही बसले. आप्पांना स्वयंपाकातल्या कामाला हात लावताना मी जन्मात पहिल्यांदा बघत होते. शेंग कुठून फोडायची हे त्यांना कळत नव्हतं, आणि वाटाणे सोपाभर उडत होते.

सोलता सोलता आक्कांनी विचारलं, 'आप्पा, रताळी किती महिन्यांनी काढता?'

'चार, साडेचार.'

'आणि दोन महिन्यांत उपटली तर?'

आप्पा काही भोळे नव्हते. हातातली शेंग तशीच धरून ते म्हणाले, 'आक्का, कळलं मला तुम्ही कुठं निघालाय ते. खरं पोरगी म्हंजे रताळं न्हवं.'

संपलं, असं वाटलं. एवढ्या मोठ्या बाईचा मुद्दा आप्पांनी एका वाक्यात उडवून लावला होता, आणि उडवला तो बरोबरच होता.

आक्कांनी शेंग खाली ठेवली. 'बरोबर बोललात. माझंच चुकलं. पोरगी रताळं न्हवं. रताळ्याला काय पाहिजे ते विचारता येत न्हाय. पोरीला येतंय. तुम्ही विचारलंय काय तिला?'

आप्पांनी मला कधी विचारलं नव्हतं. त्यांना तरी कुणी विचारलं होतं? चौथीतून काढताना कुणी विचारलं नाही, लग्न ठरवताना विचारलं नाही. विचारायचं असतं, हे त्यांच्या गावी नव्हतं. प्रेम होतं, पुष्कळ होतं, पण विचारणं ही गोष्टच आमच्या घरात कुणी कधी पेरली नव्हती.

त्यांनी माझ्याकडं न बघता विचारलं, 'काय गं, काय करायचं हाय तुला?'

या प्रश्नाचं उत्तर मी म्हशीपुढं कितीदा दिलं होतं. तेव्हा ते मोठं झोकदार असे. प्रत्यक्षात मी टोमॅटोकडं बघत एवढंच म्हणाले, 'धारवाडला जायाचं हाय. एम.एस्सी. करायची हाय.' आणि आणखी काय सांगावं ते न सुचून म्हणाले, 'तिथं मोठा मायक्रोस्कोप हाय.'

'आणि सुपारी?' आई चुलीपुढून म्हणाली.

आप्पांनी दाराबाहेर पाहिलं. 'आधी त्यास्नी जेवू दे,' ते म्हणाले. 'उन्हं उतरली.'

आक्का जेवल्या. उसळ, भाकरी, दही, शेंगदाण्याचा कूट आणि गूळ. आई वाढायला वाकली की त्या ताटावर हात धरून 'साकु, साकु' म्हणत, म्हणजे कन्नडमध्ये पुरे. ताटावर इतक्या पटकन पुरे म्हणणारी ही बाई पोरींच्या शिकण्याला मात्र कधी पुरे म्हणाली नाही. जेवून त्यांनी हात धुतला तेव्हा परड्यातल्या नारळाच्या शेंड्यावर थोडं ऊन शिल्लक होतं. घरातून निघताना त्यांनी आप्पांना शिक्षणाबद्दल आणखी एक शब्दही सांगितला नाही. फक्त म्हणाल्या, 'वाटाणा गोड हाय तुमचा.'

दिवेलागणीला त्यांचं भाषण झालं. मांडवात बसायला जागा नव्हती. त्या म्हणाल्या, आपल्या भागात आता पोरींना शिकवतात, खोटं कशाला बोलू, पदवीपर्यंत शिकवतात. आणि मग ती पदवी रुखवतात मांडतात. एका बाजूला लोणच्याची बरणी, एका बाजूला करंज्यांचं ताट, मधे पदवी. वरपक्षाच्या बायका येतात, बघतात, बरी आहे म्हणतात. लग्न लागलं की बरणी फडताळात जाते आणि पदवीही. 'लोणचं निदान कुणी तरी खातंय,' आक्का म्हणाल्या, आणि बायकांच्या बाजूनं जो हशा उठला तो हळूहळू बंद झाला. आप्पा यजमान म्हणून व्यासपीठावर बसले होते. मी मांडवाच्या खांबाला टेकून सगळा वेळ त्यांच्याकडंच बघत होते. ते खाली बघत होते आणि नखात अडकलेलं वाटाण्याचं साल काढत होते.

सकाळी उठून आप्पांनी एम-एटी गाडीला रताळ्यांचं पोतं बांधलं आणि पिरनवाडीला गेले. दुपारी परत आले. आई दारातच उभी. 'काय म्हणाले?'

'दोन वर्सं थांबा म्हटलं. थांबत न्हाईत म्हणाले.'

'मग?'

'मग काय. पोतं ठेवून आलो.'

गावात म्हण पडली: आक्का आली, जेवली आणि सोयरीक मोडून गेली. आप्पांना पुष्कळ ऐकून घ्यावं लागलं. 'पोरीला विचारून संसार करतोय' असं त्यांना पारावर तोंडावर म्हणत. आप्पा म्हणत, 'व्हय, विचारतोय,' आणि तंबाखू मळत बसत. त्या काळात मला त्यांच्याबद्दल जे वाटायचं ते सांगायला माझ्याकडं तेव्हाही शब्द नव्हते आणि आताही नाहीत. फार वाटायचं, एवढं खरं.

मी धारवाडला गेले. पहिले काही दिवस हॉस्टेलच्या खोलीत कन्नड आणि रडू एकदमच शिकले. मग रताळ्याच्या मुळाचा पातळ काप करून तो त्या मोठ्या मायक्रोस्कोपखाली ठेवला, आणि आमच्या शेतातल्या त्या ओबडधोबड कंदाच्या आत एवढी रेखीव नक्षी आहे, हे बघून थक्क झाले. सुट्टीत घरी आल्यावर आप्पांना कागदावर काढून दाखवली. त्यांनी कागद उलटसुलट करून बघितला आणि म्हणाले, 'एवढं सगळं आत असतंय आणि आम्ही भाजून खातोय.'

आक्कांच्या अटीला दर वेळी यश आलं असं कुणी समजू नये. बेळगावात खासबागेतल्या एका विणकराच्या घरी त्या जेवल्या, सगळ्यांनी माना डोलावल्या आणि पुढच्याच महिन्यात पोरीचं लग्न झालं. आक्का त्या लग्नाला गेल्या. रागावल्या नाहीत, टोमणा मारला नाही. अक्षता टाकून झाल्यावर नवऱ्यामुलाला बाजूला घेऊन विचारलं, 'काय रं, हिला पुढं शिकवणार न्हवं?' त्यानं लाजून हो म्हटलं. दोन मुलं झाल्यावर ती पोरगी बी.एड. झाली. काही घरी तेही झालं नाही. एका घरी तर आक्का येणार म्हटल्यावर पोरीला मामाकडं पाठवून दिलं. आक्का तिथंही जेवल्या आणि जाताना एक पुस्तक ठेवून आल्या. भाषणानं जग बदलतं असं मानणारी माणसं मी खूप बघितली, कारण आमच्याकडं संमेलनं खूप. पण आपलं म्हणणं घेऊन दुसऱ्याच्या चुलीपर्यंत जायचं, तिथं जे मिळेल ते खायचं, आपला मुद्दा चुकला तर चुकला म्हणायचं आणि तरी प्रश्न तसाच ठेवून उठायचं, हे मी एकट्या आक्कांना करताना बघितलं.

आणि आप्पांनी एक केलं. त्यानंतर दर वर्षी रताळ्याच्या वावराच्या कडेनं ते घेवड्याची एक ओळ लावू लागले. कुणी विचारलं तर म्हणत, 'आक्कांची हाय. कवा येतील सांगता येत न्हाय.' आक्का अधूनमधून येत. आता येत नाहीत. पंचाऐंशीच्या पुढं गेल्यात, निपाणीत नातसुनेकडून वर्तमानपत्र वाचून घेतात. ओळ अजून असते.

तर यंदा आमच्या गावच्या संमेलनात भाषण माझं आहे. विषय 'आपल्या भागातील वनस्पती आणि लोकजीवन'. मोठ्या हौसेनं मी आक्कांना फोन केला. आवाज बारीक झालाय त्यांचा, पण धार तीच.

'विषय असू दे कुठला पण,' त्या म्हणाल्या. 'जेवण कुठं ठेवलंय?'

'आमच्याच घरी की आक्का. माहेरी.'

'त्या घरात कोण हाय शिकायची थांबवलेली?'

'आप्पांच्या घरात?' मी हसले. 'आमच्याकडं बोट दाखवायला जागा न्हाय.'

त्या म्हणाल्या, 'तुझे आप्पा पण असंच म्हणालते, गुरुजींनी सांगितलंय मला.' आणि औषधाची वेळ झाली म्हणून त्यांनी फोन ठेवला.

म्हणून परवा स्कूटर माहेरच्या रस्त्याला घातली होती. माझा धाकटा भाऊ संजू शेती बघून शहरातल्या कारखान्यात नोकरी करतो. त्याची श्रावणी बी.सी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. हुशार आहे, तिचं सगळं नीट चाललंय, असं मी धरून चालले होते. सोप्यात पाऊल टाकलं तर आप्पा भिंतीला टेकून बसलेले, पुढ्यात वाटाण्याच्या शेंगांची बुट्टी. ऐंशी ओलांडली त्यांनी, पण आता शेंग कुठून फोडायची ते चांगलं कळतं. शेजारी श्रावणी चाळणी धरून बसली होती. मान खाली.

'आत्ती आली,' ती म्हणाली. एवढंच.

संजू कामावरून आलाच होता. मी सरळ विचारलं, 'संजू, श्रावणीचं पुढं काय?'

'पुढं बघू की रेखाक्का. स्थळ आलंय. पोरगा पुण्यात हाय, आयटीत. लई चांगली माणसं हायत. परीक्षा झाली की उरकून टाकायचं म्हणतोय.' बोलता बोलता तो शर्टाच्या बाह्या सारख्या करत होता. 'शिकवलंय की आम्ही. बी.सी.ए. काय कमी हाय?'

मी बोलणार होते. पंचवीस वर्षांचं साठलेलं बोलणार होते. पण आप्पांनी बुट्टी सरकवली, ती संजूच्या पायापाशी.

'बस हितं,' ते म्हणाले.

'आप्पा, आत्ताच आलोय कामावरनं.'

'बस म्हणतोय न्हवं. सोल.'

संजू बसला. एक शेंग घेतली. चुकीच्या बाजूनं दाबली, वाटाणे उडाले. आप्पांनी ते एकेक वेचून चाळणीत टाकले आणि त्याच्याकडं न बघता म्हणाले, 'पोरगी म्हंजे रताळं न्हवं. तिला विचारलंस काय?'

आत फोडणीला मोहरी तडतडत होती. भावजय हातात पळी घेऊन दारात येऊन उभी राहिली. संजूनं शेंगेकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं, आणि मग श्रावणीकडं बघून, अगदी आप्पांच्याच आवाजात म्हणाला, 'काय गं, काय करायचं हाय तुला?'

श्रावणीनं चाळणी खाली ठेवली. तिला सुरुवात सापडेना. ती शोधून द्यावी म्हणून मी पुढं सरकले आणि तोंड उघडलं, तर आप्पांनी मूठभर शेंगा माझ्या ओंजळीत टाकल्या.

'तू गप,' ते म्हणाले. 'तिला बोलू दे.'